नवीन आयडी काढली की केडी का वाढतो?

पीएच.डी.च्या प्रवेश परीक्षेची तयारी करणारे किंवा नुकतेच लॅबमध्ये रुजू झालेले विद्यार्थी मला एक प्रश्न हमखास विचारतात. "ताई, डेटा अगदीच विस्कटलाय. सगळं सोडून पहिल्यापासून सुरू केलं तर चालेल का?" या प्रश्नाचं उत्तर मी बरेच दिवस टाळत होते, कारण मी स्वतः हे एकदा केलंय आणि त्यात हात पोळून घेतलेत. ते सांगेनच. पण आधी एका मोबाइल गेमबद्दल बोलू. हा प्रश्न मला पहिल्यांदा नीट कळला तो लॅबमध्ये नाही, मोरगावला, आमच्या आतेभावाच्या फोनवर.

गेम म्हणजे पब्जी मोबाइल. तुम्ही खेळला असाल, नसाल तर शेजारचा कुणीतरी खेळताना ओरडलेला तुम्ही नक्की ऐकलाय. २ सप्टेंबर २०२० ला केंद्र सरकारने ११८ ॲप्सवर बंदी घातली, त्यात हा होता. ३० ऑक्टोबरला भारतासाठीची सेवाही बंद झाली. इथे एक गोष्ट लक्षात घ्या, पुढे लागणार आहे. ॲप फोनमध्ये तसंच होतं, दीड-दोन जीबी जागा अडवून. पण आत काहीच नव्हतं. खेळाडूची लेव्हल, कपडे, मित्रांची यादी, आजवरचे सामने, हे सगळं कंपनीच्या सर्व्हरवर. साप-शिडीसारख्या फोनमध्येच चालणाऱ्या गेमचा 'क्लिअर डेटा' केला की प्रगती पुसली जाते. इथे उलटं होतं. तुम्ही फोनवर काहीही पुसा, प्रगती शाबूत. आणि सर्व्हर बंद झाला की तुम्ही काहीही जपा, उपयोग शून्य.

आतेभाऊ तेव्हा बारावीत. देवळाजवळच्या एका कट्ट्यावर रेंज चांगली येते, तिथे चौघांचा स्क्वाड बसायचा. सर्व्हर बंद झाल्यावर ते चौघं काही दिवस तिथेच येऊन नुसते बसायचे, असं आत्या सांगते.

मग २ जुलै २०२१ ला तोच गेम बीजीएमआय या नावाने अँड्रॉइडवर परत आला. क्राफ्टन ही मूळची कोरियन कंपनी, आता थेट तिच्याच हातात. रक्त हिरवं झालं, 'किल'चं 'फिनिश' झालं, अठरा वर्षांखालच्यांना दिवसाला तीन तासांची मर्यादा आली. वरवरच्या या बदलांवर तेव्हा भरपूर विनोद झाले, मला त्यात फारसा रस नाही. मला रस आहे तो सुरुवातीला येणाऱ्या एका पानात. जुन्या खात्यातला डेटा नव्या गेममध्ये आणायचा का, असं ते पान विचारायचं. हो म्हणा, जुनं सगळं येईल. नाही म्हणा, कोऱ्या पाटीने सुरू करा.

आतेभावाने नाही म्हटलं.

का? त्याचा केडी वाईट होता म्हणून. केडी म्हणजे तुम्ही किती जणांना मारलं भागिले तुम्ही किती वेळा मेलात. सुरुवातीला शिकत असताना तो सारखा मरायचा, त्यामुळे आकडा दोनच्या आत अडकलेला. "ताई, दोन वर्षांचं ओझं आहे ते. आता मी चांगला खेळतो, पण जुन्या आयडीत दिसतच नाही." नवीन खात्यावर पंधरा दिवसांत त्याचा आकडा सहाच्या वर गेला. फोन माझ्यापुढे धरून म्हणाला, "बघ. सुधारलो की नाही?"

मी तेव्हा पीएच.डी.च्या पहिल्या वर्षाला होते आणि नुकताच संशोधन पद्धतीचा कोर्स झालेला. नव्या मुल्लाने जोरात बांग द्यावी तसं मी लगेच विचारलं, "समोर कोण होतं?"

हा प्रश्न गेमची समीक्षा करताना पहिला विचारायला हवा, पण क्वचितच विचारला जातो. नवीन खातं खालच्या टिअरमध्ये सुरू होतं: ब्राँझ, सिल्व्हर. तिथल्या सामन्यांत माणसांबरोबर बॉट भरपूर असतात, म्हणजे संगणकाने चालवलेले खेळाडू. ते उघड्यावर उभे राहतात, नेम चुकवतात, मरतात. नवख्या माणसाने कंटाळून गेम सोडू नये म्हणून केलेली ही सोय आहे आणि सोय म्हणून मला ती पटते. पण जो आधीच दोन वर्षं खेळलाय तो इथे आला, की चौथीच्या वर्गात बसलेला दहावीचा मुलगा होतो. आतेभावाची बोटं, कान, नकाशाची ओळख, एरँगेलमधलं कुठलं घर कुठे आहे याची आठवण, यातलं काहीही रिसेट झालेलं नव्हतं. रिसेट झाला होता तो फक्त समोरचा विरोधक. आणि तो सोपा झाला होता.

तरी या पुराव्यावरून "तू सुधारला नाहीस" असंही मला म्हणता येत नव्हतं. कदाचित तो खरंच सुधारला असेल. ते तपासायचं तर जुन्या खात्याला आजच्या हाताने, आजच्या विरोधकांसमोर खेळवून बघायला हवं होतं. ते खातं गेलं होतं. आकडा वाढला, पण तो कशामुळे वाढला हे विचारायची जागाच पुसली गेली. संशोधनाच्या भाषेत, एकाच वेळी दोन गोष्टी बदलल्या आणि तुलनेचा गट फेकून दिला.

केडीबद्दल अजून एक. आधी या आकड्यात भागाकार मृत्यूंनी व्हायचा. नंतर तो खेळलेल्या सामन्यांच्या संख्येने व्हायला लागला. म्हणजे पूर्वी सामना जिंकलात तर तुम्ही मेलेला नसायचात, म्हणून तो सामना खाली मोजलाच जायचा नाही. नंतर मोजला जायला लागला. जास्त जिंकणाऱ्याचा आकडा त्याच्या खेळात काडीचा फरक न पडता खाली येतो. नाव मात्र जवळपास तेच. तुम्ही उद्या कुठल्याही अहवालात 'उत्पादकता', 'गळती', 'साक्षरता' असे शब्द वाचाल, तेव्हा आधी भाजक शोधा. भाजक कधी बदलला ते त्याच्यानंतर शोधा.

आता गेमच्या बाजूने बोलते, कारण नुसती नावं ठेवणं ही समीक्षा नव्हे. याच गेममध्ये 'पुन्हा सुरू करणं' एका ठिकाणी फार शहाणपणाने केलंय, ते म्हणजे सीझन. साधारण दोन महिन्यांनी सीझन संपतो, तुमची टिअर खाली घसरते (पार तळाला नाही, काही पायऱ्या) आणि नव्या सीझनचे आकडे शून्यापासून मोजले जातात. पण जुन्या सीझनचे आकडे तुमच्या प्रोफाइलमध्ये राहतात. कॉन्करर व्हायचं तर सर्व्हरवरच्या पहिल्या ५०० त यावं लागतं, आणि गेल्या वेळी होतात म्हणून या वेळी कुणी सवलत देत नाही. तुम्ही पुन्हा सुरुवातीजवळ येता, पण मागचं पुसून नाही. खेळाडू याला वैतागतात, "दर दोन महिन्यांनी तेच तेच" म्हणतात, आणि कंपनीला त्यातून लोक परत परत गेममध्ये यायला हवे असतात हेही खरंच. तरी नोंद ठेवण्याच्या दृष्टीने सीझन ही पद्धत नव्या आयडीपेक्षा कितीतरी प्रामाणिक आहे.

मोरगावच्या माणसाला हे समजावायला सोपं जातं. अष्टविनायकाची यात्रा मयूरेश्वरापासून सुरू होते, आणि आठही गणपती झाले की परंपरेप्रमाणे पुन्हा मोरगावला येऊन ती पूर्ण करायची. लोक येतात, शेवटच्या दिवशी थकलेले, आणि नंदीजवळ परत तोच फोटो काढतात. परत आलात म्हणजे मधले सात झालेच नाहीत असं कुणी समजत नाही. (नंदी गणपतीसमोर कसा, ही वेगळी गोष्ट आहे, आमच्याकडे आलात की कुणीही सांगेल.)

आता माझं. माझं काम खारवट जमिनीतल्या जिवाणूंवर आहे. बारामती-इंदापूर पट्ट्यात कालव्याचं पाणी आणि ऊस यांनी बऱ्याच जमिनी खारवल्यात, तिथल्या मातीतले काही जिवाणू मिठात तग धरून वाढतात. दर तासाला द्रवाचा गढूळपणा मोजायचा आणि वाढीचा आलेख काढायचा, हे माझं दुसऱ्या वर्षातलं रोजचं काम. चार महिने आलेख वेडेवाकडे आले. तीच प्रजाती, तेच मीठ, आज एक तर उद्या दुसरं. एका शनिवारी मी वैतागले. जुन्या प्लेट्स ऑटोक्लेव्ह करून फेकल्या, एक्सेलची फाइल उडवली, नवी वही घेतली, मूळ साठ्यातून नवीन कल्चर काढलं, यीस्ट एक्स्ट्रॅक्टची नवी बाटली फोडली. आलेख सुंदर आले! मी आतेभावासारखीच, फोन पुढे धरून सगळ्यांना दाखवत फिरले.

प्रगती सेमिनारमध्ये मॅडमनी एकच विचारलं, "आधीचे वाईट का होते?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. जुन्या बाटलीत काही होतं? की चार महिने प्लेटवरून प्लेटवर नेताना जिवाणूच बदलले होते? दुसरं खरं असेल तर तो माझ्या प्रबंधातला सगळ्यात चांगला शोध असू शकला असता. मिठात राहून राहून बदललेले जिवाणू! ते मी १२१ अंशांवर पंधरा मिनिटं शिजवून नाल्यात सोडले होते.

तेव्हा मॅडमनी वाचायला लावला तो लेन्स्कींचा प्रयोग. रिचर्ड लेन्स्की यांनी २४ फेब्रुवारी १९८८ ला अमेरिकेत ई. कोलाय जिवाणूंच्या एकसारख्या बारा वसाहती सुरू केल्या. रोज प्रत्येकीतला शंभरावा भाग नव्या द्रावणात टाकायचा, बस. आणि दर ५०० पिढ्यांनी थोडा नमुना उणे ८० अंशांत गोठवायचा. जिवाणू गोठवले तरी मरत नाहीत, काढले की पुन्हा वाढतात. म्हणजे खेळ कुठल्याही टप्प्यापासून परत सुरू करता येतो, आणि मूळ खेळाला धक्का लागत नाही. कधी नमुन्यात भेसळ झाल्याचा संशय आला तर मागच्या गोठवलेल्या टप्प्यावर जायचं. मार्च २०२० मध्ये कोविडमुळे लॅब बंद करावी लागली तेव्हा बाराही वसाहती गोठवल्या, आणि पुढे त्याच वर्षी तिथूनच पुढे चालू केल्या. आतेभावाच्या गेमला जे वर्षभर जमलं नाही ते एका फ्रीजरने केलं.

खरी गंमत पुढे आहे. साधारण ३१,५०० पिढ्यांच्या सुमारास बारांपैकी एका वसाहतीने सायट्रेट खायला सुरुवात केली. ऑक्सिजन असताना ई. कोलाय हे करत नाही, ती त्याची ओळखच मानली जाते. नुसता योगायोग, की मागच्या हजारो पिढ्यांत काहीतरी तयारी झाली होती? झॅकरी ब्लाउंट यांनी फ्रीजरमधून त्याच वसाहतीचे वेगवेगळ्या काळातले नमुने काढले आणि प्रत्येकापासून पुन्हा सुरुवात केली. अनेकदा. ही क्षमता पुन्हा उगवली ती फक्त साधारण २०,००० पिढ्यांनंतरच्या नमुन्यांतून. त्याआधीच्यांतून एकदाही नाही. म्हणजे तयारी झाली होती. हा निष्कर्ष २००८ मध्ये प्रसिद्ध झाला. पहिल्यापासून सुरू करणं हीच इथे पद्धत आहे, आणि ती चालली कारण 'पहिलं' म्हणजे नेमकं कुठलं हे त्यांच्याकडे लेबल लावून ठेवलेलं होतं.

तर तुमच्या प्रश्नाकडे येते. पहिल्यापासून सुरू करा. बेलाशक करा, कधीकधी तेच योग्य असतं. पण फाइल उडवू नका, तिला तारीख घालून बाजूला ठेवा, आणि का सोडतोय ते तिच्यातच दोन ओळीत लिहा. वैताग आला म्हणून सोडत असाल तर तेच लिहा. जुनं कल्चर ग्लिसरॉलमध्ये गोठवा. एका वेळी एकच गोष्ट बदला: बाटली नवी तर कल्चर जुनं, कल्चर नवं तर बाटली जुनी. नवे आकडे फार सुंदर आले तर आधी घाबरा आणि समोर बॉट तर नाहीत ना ते बघा. शिवाय तुमचा डेटा कुणाच्या सर्व्हरवर आहे तेही तपासा. यंत्राच्या कंपनीच्या सॉफ्टवेअरमध्येच सगळं ठेवलंय आणि लायसन्स संपलं, तर ३० ऑक्टोबर तुमच्याकडेही येऊ शकतो.

आतेभावाचा आकडा पुढे टिअर चढत गेली तसा उतरत अडीचच्या आसपास आला. जुन्या दोनपेक्षा तो चांगला की वाईट, आम्ही अजून भांडतो. त्याच्या मते चांगला. माझ्या मते भाजक बदललाय, सांगता येत नाही.

आकड्याचं त्याला आता फार काही वाटत नाही. त्याला वाटतं ते दुसऱ्याच गोष्टीचं. त्या स्क्वाडमधला एक जण चाकणला कंपनीत लागला, नंबर बदलला, गेमही सुटला. चौघांनी मिळून जिंकलेला पहिला सामना जुन्या खात्यात कुठेतरी होता. गेल्या दिवाळीत कट्ट्यावर बसलो होतो तेव्हा त्याने विचारलं, "ताई, त्या पानावर हो म्हटलं असतं तर ते सगळं आलं असतं ना?"

मी म्हटलं, आलं असतं.