तारामतीनंतरचे साळुंके

अण्णा साळुंके हे नाव चित्रपटेतिहासात ‘राजा हरिश्चंद्र’मधील (१९१३) तारामतीपाशीच थांबते. स्त्रिया कॅमेऱ्यासमोर येण्यास तयार नसल्याने फाळक्यांनी उपाहारगृहात काम करणाऱ्या साळुंक्यांना निवडले. ‘लंकादहन’मध्ये (१९१७) तर राम आणि सीता दोन्ही भूमिका त्यांनीच वठविल्या. लिंगभावाच्या चर्चेला एवढी सामग्री पुरते. १९२०च्या दशकात साळुंके छायालेखक झाले, ही गोष्ट मात्र तळटिपेत जाते. वस्तुतः दृश्यविषय असलेल्याच्या हाती पाहण्याचे यंत्र यावे, हे स्थित्यंतर वेषांतराहून अधिक मूलगामी होय. पण छायालेखन ही कारागिरी ठरली, आणि बहुतेक मूकपट नष्ट झाल्याने त्यांची नजर तपासण्यास साधनेही फारशी उरली नाहीत. साडीतली छायाचित्रे तेवढी पुनःपुन्हा छापली जातात.