प्रभात: मालक आणि कारागीर

प्रभात फिल्म कंपनीचा इतिहास आपण बहुधा व्ही. शांताराम यांच्या चरित्रातला एक अध्याय म्हणून वाचतो. त्या वाचनात कंपनीची घडणच नजरेआड होते.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात स्थापन झाली. पाच भागीदारांपैकी विष्णुपंत दामले, फत्तेलाल, शांताराम आणि केशवराव धायबर हे चौघे बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत घडलेले. पाचवे सीतारामपंत कुलकर्णी भांडवल पुरवणारे. म्हणजे मालकांत पैसेवाला एक आणि कारागीर चार! ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) पाहावा. दिग्दर्शन शांतारामांचे, छायालेखन धायबरांचे, ध्वनी दामल्यांकडे, कलादिग्दर्शन फत्तेलालांकडे. खर्चाला मान्यता देणारे आणि प्रत्यक्ष काम करणारे हात एकच होते.

१९३३ मध्ये कंपनी पुण्यात आली. तिथे १९३६ साली दामले-फत्तेलाल यांनी ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला. त्यात चमत्कार आहेत. पण जिजाईचा संसार आणि तिचा संताप यांचे वजन त्या चमत्कारांपुढे तसूभरही कमी होत नाही. नेपथ्य आणि ध्वनी यांत मुरलेल्या माणसांची ही नजर आहे. पुढच्याच वर्षी शांतारामांनी ‘कुंकू’त जरठ-कुमारी विवाहावर थेट बोट ठेवले. एकाच छपराखाली असे दोन स्वभाव नांदले, कारण कोणालाही दुसऱ्याची परवानगी नोकरासारखी मागावी लागत नव्हती.

१९४२ मध्ये शांताराम बाहेर पडले आणि प्रभात संपली, असे सरधोपट सांगितले जाते. मग १९४४ चा ‘रामशास्त्री’ कुठे ठेवायचा? त्याच्या तिघा दिग्दर्शकांपैकी (गजानन जागीरदार, विश्राम बेडेकर, राजा नेने) एकही संस्थापक नव्हता. गुणी माणसे होती. मालकीत मात्र त्यांना जागा नव्हती. धायबर आधीच गेले होते. १९४५ मध्ये दामले वारले. कारागीर-मालक एकेक करून कमी झाले, आणि त्यांच्या जागी नवा कारागीर मालक झाला नाही. माझ्या मते प्रभातच्या उताराचे मूळ इथे आहे.

१९६० मध्ये त्याच आवारात फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली. तिथे दिग्दर्शन, छायालेखन, ध्वनी शिकवले जाऊ लागले. प्रभातची दुसरी शिकवण, म्हणजे कारागिरांनीच धनी व्हावे ही, अभ्यासक्रमात बसण्याजोगी नव्हती. आज स्वतंत्र निर्मितीची भाषा करणाऱ्या आपल्या दिग्दर्शकांनी तीच आधी वाचायला हवी; आणि पुढच्या पिढीला भागीदारी कधी द्यायची, हा प्रभातने न सोडवलेला प्रश्नही.