कळफलक आणि आपली अक्षरे

लिपी ही निर्जीव गोष्ट आहे, असे आपण धरून चालतो. पण कोणते अक्षर सहज उमटते आणि कोणत्या अक्षरासाठी अडून बसावे लागते, हा प्रश्न निर्जीव नाही. गेल्या वर्षी माझ्या एका विद्यार्थिनीने आजीचे कथन संगणकावर उतरवून आणले. आजीचा जन्म वीटभट्टीवर राबण्यात गेलेला. चार पाने वाचून मी थांबलो. हे आजीचे बोलणे नव्हते. 'न्हाई'चे 'नाही', 'व्हतं'चे 'होते' झाले होते आणि 'पोऱ्या'च्या जागी 'मुलगा' येऊन बसला होता. विचारले तेव्हा ती म्हणाली, "सर, त्या शब्दांखाली तांबडी रेघ येत होती. आणि 'पोऱ्या'तला तो र मला सापडलाच नाही."

या उत्तरात दोन गोष्टी आहेत. त्या वेगळ्या करून पाहिल्या पाहिजेत.

पहिली गोष्ट अज्ञानाची आहे, आणि तिचे खापर यंत्रावर फोडता येत नाही. 'तो र' यंत्रात आहे. इन्स्क्रिप्ट कळफलकावर शिफ्ट धरून जेची कळ दाबली की नुक्त्याचा र उमटतो. पुढे डीच्या कळीने हलन्त दिला आणि य जोडला की 'ऱ्य' तयार होतो. शिफ्ट धरून एनची कळ दाबली की ळ येतो. 'ॲ'ला मात्र युनिकोडमध्ये स्वतंत्र जागा मिळायला 2008 साल उजाडले. आपली मुले मोबाइलवर रोमन अक्षरांतून मराठी लिहितात आणि पुढ्यात येईल तो शब्द स्वीकारतात. कळफलक त्यांना शिकवला कोणी? आम्हा शिक्षकांपैकी तरी कितीजणांना तो येतो?

हा प्रश्न क्षुल्लक नाही. 'आचाऱ्यांना' लिहिताना र चुकला की 'आचार्यांना' होते. चुलीपुढे घाम गाळणारा माणूस एका चिन्हाच्या चुकीने आचार्य होतो. एरवी ही व्यवस्था इतक्या स्वस्तात कोणाला आचार्य करीत नाही!

दुसरी गोष्ट तांबड्या रेघेची. यंत्राला जात नसते. परंतु त्याला पुरवलेल्या शब्दसंग्रहाला इतिहास असतो. तो संग्रह छापील, प्रमाण मराठीवर पोसलेला आहे, आणि छापील मराठीत आमच्या वस्तीचे बोलणे फार उशिरा आले. 'जेव्हा मी जात चोरली होती' 1963 साली आणि 'गोलपिठा' 1972 साली प्रसिद्ध झाले. प्रस्थापित समीक्षेने ज्या भाषेला अशुद्ध, असभ्य म्हटले, त्याच भाषेने मराठी साहित्याचे क्षितिज रुंदावले. ती लढाई संपली असे आपण समजत होतो. आज तोच जुना आक्षेप कोणाही समीक्षकाच्या सहीवाचून, मुकाट्याने, शब्दाखाली येऊन बसतो. समीक्षकाला उत्तर देता येत होते. रेघेशी वाद कसा घालणार? म्हणून मुलगी वाद न घालता शब्दच बदलते. मग आजीचे दुःख उरते, पण ते दुसऱ्याच्या तोंडून बोलते.

येथे मला स्वतःलाही आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले पाहिजे. शाळेत माझ्या वहीतले 'लिवलं' तांबड्या शाईने खोडले गेले होते. घरात पहिला पदवीधर झालो, हाती तांबडी शाई आली, आणि मी तेच केले. यंत्राने ती रेघ आमच्याकडूनच उचलली आहे.

आणखी एक काम उरले आहे. युनिकोडपूर्वीच्या फॉन्टमध्ये जुळवलेले पुष्कळ मजकूर आज उघडले तर नुसती रोमन अक्षरांची खिचडी दिसते. रूपांतर करताना पहिली वेलांटी आणि रफार यांच्या जागा चुकतात, म्हणून ओळ न् ओळ माणसाने वाचावी लागते. आपल्या चळवळीचे असे जे मजकूर कोणाच्या कपाटात, जुन्या तबकड्यांत पडले असतील, ते दुसरे कोणी येऊन वाचवणार नाही.

त्या विद्यार्थिनीने कथन पुन्हा लिहिले. 'पोऱ्या' परत आला. तांबड्या रेघा पानभर होत्या. प्रत्येक शब्दावर थांबून 'शब्दकोशात जोडा' हा पर्याय तिने निवडला. तो शब्दकोश तिच्या एकटीच्या यंत्रापुरता आहे, हे खरे. पण आजीचे शब्द तिथे आता चूक नाहीत. हेच काम प्रत्येक महाविद्यालयात, प्रत्येक वस्तीच्या वाचनालयात झाले पाहिजे.