सोटा आपल्याच माणसांवर

स्थलांतरितांचा विनोद म्हटलं की तो परक्या देशाची टर उडवणारा असणार, असं आपण धरून चालतो. न्यूयॉर्कचं ‘डर ग्रोयसर कुंडेस’ हे यिडिश साप्ताहिक हा समज मोडतं. ‘कुंडेस’ म्हणजे वात्रट पोरगा. इंग्रजीत मात्र त्याचं नाव होतं ‘द बिग स्टिक’, मोठा सोटा. १९०९ मध्ये ते सुरू झालं, जेकब मारिनॉफ त्याचे संपादक होते आणि हा सोटा बसला तो मुख्यतः घरच्यांवर.

सर्वात जास्त फटके खाल्ले ते अब्राहम कहान यांनी. ते ‘फोरवर्ट्स’ या बलाढ्य समाजवादी दैनिकाचे संपादक. कामगारांचा कैवार घेणारा हा माणूस वाचकांना काय वाचावं, कसं बोलावं तेही शिकवायचा. ‘कुंडेस’चे व्यंगचित्रकार त्यांना पुन्हा पुन्हा चिमटे काढत. लोला, झुनी माउद यांची चित्रं, मोइशे नादिर आणि मोइशे-लेब हाल्पर्न यांचं लेखन. म्हणजे हा फावल्या वेळचा टवाळखोरपणा नव्हता, यिडिशमधली कसलेली माणसं इथे लिहीत होती.

हे धाडस आलं कुठून? मला वाटतं, भाषेतून. हिब्रू लिपीतलं हे पान शेजारच्या आयरिश पोलिसाला वाचता येत नव्हतं. त्यामुळे ‘बाहेरचे काय म्हणतील?’ ही भीती जरा सैल झाली. अल्पसंख्य समाजात टीकाकाराला गप्प करायला हाच प्रश्न विचारतात.

पण या आडोशाची किंमतही होती. दारं लावून केलेला विनोद बाहेर पोचत नाही, आणि घरातली पोरं दुसरी भाषा बोलू लागली की त्यांनाही कळत नाही. १९२४ च्या कायद्याने पूर्व युरोपातून येणाऱ्यांची वाट जवळपास बंद केली. इथे जन्मलेली पिढी इंग्रजीकडे वळत होतीच. १९२७ मध्ये ‘कुंडेस’ थांबलं. माउद तोवर योसल कटलरसोबत ‘मोदिकुत’ या बाहुलीनाट्यात रमले होते.

आज फोनवर आपण विरोधी गटावरचे मीम क्षणात पुढे पाठवतो. आपल्याच गटाच्या नेत्यावरचा मीम मात्र हसून पुसून टाकतो. म्हणून ‘कुंडेस’ मला मोठं वाटतं: ज्यांच्यासोबत उद्या त्याच गल्लीत राहायचं आहे, त्यांच्यावर ते दर आठवड्याला हसलं, तेही छापून.