फ्लॅटमधली खाला

व्यंकटेश माडगूळकरांचे ‘माणदेशी माणसं’ १९४९ साली प्रसिद्ध झाले. त्यातील दोन शीर्षके मुस्लिम वाचकाने जरा थांबून वाचावीत: ‘मुलाण्याचा बकस’ आणि ‘तांबोळ्याची खाला’. साताऱ्याच्या माणपासून सांगलीच्या आटपाडीपर्यंतच्या या मुलखात माणूस धंद्यावरून ओळखला जाई. मुलाणी, तांबोळी, आतार ही नावे म्हणजे गावगाड्यातल्या जागाच होत्या. खाला म्हणजे मावशी. शीर्षकात त्या बाईचे स्वतःचे नाव नाही, घराचा धंदा आणि नाते एवढेच आहे. हे तिचे उणेपण आणि तिचा आधारही. जिला गाव नात्याने हाक मारते, ती दोन दिवस दिसली नाही तर कुणी तरी चौकशी करतेच.

आजची खाला कराड, सांगली, मिरजेच्या अपार्टमेंटमध्ये राहते. दारावर मुलाचे नाव आहे, पदवीसकट. मुलगा आखातात किंवा पुण्यात. जिन्यात तिची ओळख ‘दोनशे चारवाल्या’ एवढीच. ईदला शीरखुर्म्याची वाटी शेजारी जाते, दिवाळीला फराळाचे ताट येते. एरवी दार बंद. आडनाव ऐकताच ‘जागा गेली’ अशी उत्तरे पचवून हा फ्लॅट मिळालेला असतो. म्हणून ती मटणाचा वास, पाहुण्यांचा आवाज, सारे आवरून राहते.

जयवंत दळवींच्या ‘संध्याछाया’ नाटकाने मुले दुरावलेल्या म्हाताऱ्या जोडप्याचे एकाकीपण रंगभूमीवर आणले. ते दुःख खालाचेही आहे. पण तिच्या एकाकीपणाला सावधपणाचा आणखी एक पदर आहे. तो आपणच लिहायला हवा.

१९९० साली सोलापूरला पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले. तेव्हापासून आपण दंगल, तलाक, दारिद्र्य यांवर पुष्कळ लिहिले. ते आवश्यकच होते. मात्र त्या लेखनात शेजारी बहुधा हल्लेखोर तरी असतो, नाही तर रक्षणकर्ता. रोज जिन्यात भेटून काहीच न बोलणारा शेजारी क्वचित दिसतो.

ऑगस्ट २०१९ मध्ये कृष्णेचे पाणी सांगलीत शिरले, तेव्हा तळमजल्यावरची बिऱ्हाडे वरच्या मजल्यांवर गेली. अशा दिवसांवर एकोप्याची कथा लिहिणे सोपे आहे. पाणी ओसरले, चिखल धुतला, त्यानंतर दारे पुन्हा बंद झाली का, ही कथा अवघड आहे. आपल्या कथाकारांनी ती लिहावी आणि या वेळी खालाला तिचे स्वतःचे नाव द्यावे.