निवेदक दिसू लागतो तेव्हा : दिलीप प्रभावळकर यांचा दूरचित्रवाणीवरील विनोदी चरित्राभिनय

१

मराठी नाट्यसमीक्षेने रंगभूमीवरील नटाचा विचार वेळोवेळी केला असला, तरी दूरचित्रवाणीवरील नट तिच्या कक्षेत क्वचितच आला आहे. त्याच्या वाट्याला येते ते वृत्तपत्री परिचयांचे आणि गौरवसमारंभांतील भाषणांचे लेखन. त्यात ‘हुबेहूब’, ‘अष्टपैलू’, ‘सहजसुंदर’ अशा मोजक्या विशेषणांवर काम भागवले जाते. नट विनोदी असेल तर ही उपेक्षा दुहेरी होते. माध्यम गौण आणि रसही गौण, अशी न बोललेली प्रतवारी तिच्यामागे असते.

या उपेक्षेची किंमत केवळ नटाने मोजलेली नाही, साहित्यविचारानेही मोजली आहे. चि. वि. जोशी यांचा चिमणराव आज असंख्य मराठी माणसांच्या मनात एका विशिष्ट चेहऱ्याने आणि आवाजाने वावरतो. ज्यांनी ‘चिमणरावाचे चऱ्हाट’ उघडलेलेही नाही, त्यांच्याही मनात तो आहे. एका साहित्यकृतीतील व्यक्तिरेखा अशा रीतीने नटाच्या देहात स्थलांतरित होते तेव्हा मूळ संहितेचे काय होते? तिच्यातील काय टिकते, काय गळते, आणि नट स्वतःचे असे काय तिच्यात घालतो? दिलीप प्रभावळकर यांची दूरचित्रवाणीवरील कारकीर्द हा प्रश्न विशेष धारदार करते. याचे कारण, तिच्या दोन टोकांना असलेल्या दोन्ही प्रमुख व्यक्तिरेखा, चिमणराव आणि आबा टिपरे, मुळात लिखित आणि आत्मनिवेदनपर गद्यातून आलेल्या आहेत.

२

मुंबई दूरदर्शन केंद्राचे प्रसारण २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. १९७०च्या दशकाच्या उत्तरार्धात या केंद्रावरून चिमणरावाच्या कथांवरील मालिका प्रसारित झाली. प्रभावळकर चिमणराव झाले आणि बाळ कर्वे गुंड्याभाऊ. १९७९मध्ये हीच जोडी ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ या चित्रपटातूनही लोकांसमोर आली. पडद्यावर अवतरणारी ही पहिली जोडी नव्हे. मास्टर विनायकांच्या ‘लग्न पहावं करून’ या १९४०च्या चित्रपटात दामूअण्णा मालवणकर आणि विष्णुपंत जोग यांनी या भूमिका केल्या होत्या. तरीही मराठी मनात ठसा राहिला तो दूरदर्शनवरील जोडीचा. याचे श्रेय केवळ अभिनयाला देता येणार नाही. एकच वाहिनी, ठरलेली वेळ आणि शेजाऱ्यांसह भरलेली बैठकीची खोली, अशा परिस्थितीत ही प्रतिमा पुनःपुन्हा समोर आली. चित्रपटातील व्यक्तिरेखा भेटून निघून जाते. मालिकेतील व्यक्तिरेखा मात्र घरी येत राहते.

चि. विं.च्या संहितेचे मर्म मात्र ज्या ठिकाणी आहे ते ठिकाण कॅमेऱ्याला सहज सापडणारे नाही. चिमणराव हा बहुतेक कथांचा निवेदक आहे. पुण्याच्या मध्यमवर्गीय घरातील हा कारकून भित्रा, भाबडा, फजिती ओढवून घेणारा आहे. पण तीच फजिती सांगताना तो कमालीचा कुशल गद्यलेखक आहे. जगण्यात गोंधळलेला माणूस लिहिण्यात एवढा नेमका कसा, हा प्रश्न वाचकाला पडत नाही, कारण त्या विसंगतीतच वाचनाचा आनंद असतो. चिमणराव स्वतःला समजतो त्यापेक्षा वाचक त्याला अधिक ओळखतो, आणि वाचक ओळखतो त्यापेक्षाही निवेदनामागे उभे असलेले चि. वि. अधिक ओळखतात. बडोद्यात पालीचे अध्यापन करणाऱ्या या विद्वानाने आपली विद्वत्ता निवेदकाच्या भाबडेपणामागे पूर्णपणे लपवली आहे. उपरोधाचे हे तिपेडी विणकाम केवळ भाषेचे आहे.

दृश्य माध्यमात निवेदक स्वतःच दिसू लागतो. जो ‘मी’ आपल्याशी बोलत होता तो आता ‘तो’ होतो आणि आपण त्याच्याकडे बाहेरून पाहू लागतो. चिमणरावाची फजिती राहते, पण तिच्यावर त्याने चढवलेले गद्य नाहीसे होते. म्हणजेच फजित पावणारा चिमणराव पडद्यावर येऊ शकतो. लिहिणारा चिमणराव येऊ शकत नाही. दामूअण्णांसारख्या मुळातच लोकप्रिय व्यक्तिमत्त्व असलेल्या नटाकडून ही उणीव व्यक्तिमत्त्वाच्या बळावर भरून निघते. नट ओळखीचा असतो, त्याच्या येण्यानेच हशा पिकतो, आणि व्यक्तिरेखा त्या हशावर स्वार होते. तरुण आणि तेव्हा तुलनेने अपरिचित असलेल्या प्रभावळकरांपुढे तो मार्ग नव्हता.

३

त्यांनी जो मार्ग काढला तो अभिनयविचाराच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. बर्गसाँने १९००मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या हास्यविषयक ग्रंथात जिवंतपणावर चढलेल्या यांत्रिकतेला हास्याचे मूळ मानले. विनोदी नट सामान्यतः ही यांत्रिकता अधोरेखित करतो. लकबी वाढवतो, चाल वाकडी करतो. प्रभावळकरांच्या चिमणरावातही लकबी आहेत. नेहमीच्या आवाजाहून वर चढवलेला, किंचित चिरका स्वर आहे आणि अंग चोरून वावरणारा देह आहे. मात्र या सर्व लकबींच्या गाभ्याशी एक अढळ गांभीर्य आहे. हा चिमणराव स्वतःला कधीही हास्यास्पद मानत नाही. प्रत्येक प्रसंगात आपण योग्य तेच बोलत आहोत, परिस्थितीच तेवढी आडमुठी आहे, अशी त्याची प्रामाणिक समजूत असते.

निवेदकाच्या गद्याची जागा घेते ते हे गांभीर्य. संहितेत चिमणराव आपल्या फजितीचे समर्थन वाक्यांच्या रचनेतून करतो. पडद्यावर ते समर्थन चेहऱ्यावरील आत्मविश्वासात आणि तो विरत जाण्याच्या क्षणात येते. वाचकाला निवेदकापेक्षा अधिक दिसावे यासाठी चि. विं.नी शब्दांत जी फट ठेवली होती, ती नटाने मुद्रा आणि प्रसंग यांच्यामध्ये ठेवली. हे भाषांतर पूर्ण नाही, पण ते भाषांतर आहे. त्याला नक्कल म्हणता येणार नाही.

येथे बाळ कर्वे यांच्या गुंड्याभाऊचा वाटाही लक्षात घ्यावयास हवा. गुंड्याभाऊ हा कृतीचा माणूस. सोटा त्याच्या युक्तिवादाचा शेवटचा शब्द. कर्वे यांनी ही भूमिका कृतीच्या अंगाने भरीव केल्यामुळेच चिमणरावाला विचार करत राहण्याची, चाचरण्याची, अर्ध्यावर थबकण्याची मोकळीक मिळाली. ऑगस्ट २०२५मध्ये कर्वे यांचे निधन झाले तेव्हा बहुतेकांनी त्यांची आठवण ‘गुंड्याभाऊ’ याच नावाने काढली. माध्यम नटाला अजरामर करते आणि त्याच वेळी त्याच्या उरलेल्या कारकिर्दीवर पडदा टाकते, याचे याहून स्पष्ट उदाहरण मिळणार नाही.

४

चिमणरावाने प्रभावळकरांवरही असाच पडदा टाकला असता. मालिका हे माध्यम पुनरावृत्तीवर जगते, आणि ज्या चेहऱ्याला एकदा लोकमान्यता मिळाली तोच पुन्हा मागते. मराठीतील अनेक थोर विनोदी नटांनी ही मागणी मान्य करून तिच्यातच आपली शक्ती शोधली. राजा गोसावी, शरद तळवलकर, अशोक सराफ, लक्ष्मीकांत बेर्डे यांच्या भूमिकांत नटाचे व्यक्तिमत्त्व पुढे आणि व्यक्तिरेखा मागे, असा क्रम बहुधा असतो, आणि प्रेक्षकाचा आनंद त्या ओळखीत असतो. प्रभावळकरांनी हा क्रम उलटा केला. ‘अलबत्या गलबत्या’मधील चेटकीण, ‘चौकट राजा’मधील नंदू, ‘झपाटलेला’मधील तात्या विंचू, ‘लगे रहो मुन्नाभाई’मधील गांधीजी या भूमिकांमागे एकच माणूस आहे, हे प्रेक्षकाला सांगावे लागते.

तथापि या वैविध्याचे कौतुक करून थांबणे ही समीक्षेची पळवाट ठरेल. रूप पालटण्याची क्षमता हे कौशल्य आहे. ते आपोआप मूल्य होत नाही. ‘हसवाफसवी’ या त्यांनी स्वतः लिहिलेल्या नाटकात हा प्रश्न स्पष्ट दिसतो. सहा भूमिका एकाच नटाने करण्यातील गंमत मुख्यतः ‘हाच तो’ या शोधाची आहे, म्हणजे प्रेक्षक व्यक्तिरेखेकडे न पाहता नटाच्या पालटाकडे पाहतो. अपवाद कृष्णराव हेरंबकर या वृद्ध गायकनटाचा. संगीत रंगभूमीचा अस्त अंगावर वागवणाऱ्या या म्हाताऱ्यापाशी वेशांतराचा खेळ संपतो आणि चरित्र सुरू होते. हसणे थांबत नाही, पण त्याचा पोत बदलतो. वेषाच्या आत एक गेलेला काळ उभा राहिला की बहुरूप्याचा चरित्रनट होतो. प्रभावळकरांच्या कारकिर्दीचे मूल्यमापन या कसोटीवर व्हावयास हवे.

५

२००१ ते २००५ या काळात तेव्हाच्या अल्फा मराठी, म्हणजे नंतरच्या झी मराठी, वाहिनीवर केदार शिंदे दिग्दर्शित ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही मालिका प्रसारित झाली. तिचा आधार होता प्रभावळकरांचेच ‘अनुदिनी’ हे दैनंदिनीच्या घाटातील लेखन. येथे एक वर्तुळ पूर्ण होते. चिमणराव दुसऱ्याच्या आत्मनिवेदनातून आला होता. टिपरे कुटुंब नटाच्या स्वतःच्या लेखणीतून आले. चिमणरावाच्या वेळी पडद्याबाहेर राहिलेला लिहिणारा माणूस आता आजोबा होऊन घरात बसला आहे.

त्यामुळे विनोदाची जातच बदलते. भरताने हास्याचे आत्मस्थ आणि परस्थ असे दोन प्रकार सांगितले. स्वतः हसतो तो आत्मस्थ, दुसऱ्याला हसवतो तो परस्थ. चिमणराव कधी हसत नाही, आपल्याला हसवतो. आबा आधी स्वतः हसतात, बहुधा मनातल्या मनात, आणि ते हसू आपल्यापर्यंत पोहोचते. चिमणरावाला आपल्याहून कमी कळते; आबांना घरातील सर्वांहून अधिक कळते. स्मित आणि हसित या हास्याच्या पहिल्या दोन पायऱ्यांवरच प्रभावळकर ही भूमिका ठेवतात, आणि लहान पडद्याच्या निकटतेला हेच साजेसे आहे. रंगमंचावर शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचावे लागते. घरातील पडद्यावर भुवईही पुरते. राजन भिसे, शुभांगी गोखले यांच्यासारख्या सहकलाकारांनी हाच स्वर सांभाळल्यामुळे मालिकेला एकात्मता आली.

मात्र या यशाबरोबर काही हरवलेही आहे. चि. विं.चा उपरोध मध्यमवर्गाला सोडत नाही. त्याची प्रतिष्ठेची हौस, भित्रेपणा, लग्न जमवण्यातील व्यवहार या सर्वांवर तो बोट ठेवतो आणि निवेदकालाही त्यातून वगळत नाही. टिपरेंच्या घरात मध्यमवर्ग स्वतःकडे ममत्वाने पाहतो. मतभेद होतात ते मिटण्यासाठी. तीन पिढ्यांमधील अंतर दाखवले जाते ते आबांच्या समजूतदारपणाने बुजवण्यासाठी. जाणता माणूस केंद्रस्थानी आला की उपरोधाला उभे राहण्यास जागा उरत नाही, कारण चुकण्याचा अधिकार त्याने गमावलेला असतो. चिमणरावाकडे पाहून वाचक स्वतःविषयी थोडा अस्वस्थ होतो. आबांकडे पाहून प्रेक्षक स्वतःविषयी आश्वस्त होतो. पाव शतकाच्या अंतराने आलेल्या या दोन भूमिकांमध्ये मराठी मध्यमवर्गाच्या आत्मप्रतिमेचा प्रवास वाचता येतो. उदारीकरणानंतर स्थिरावलेल्या या वर्गाला आपल्या फजितीची नव्हे, आपल्या चांगुलपणाची गोष्ट हवी होती.

याचा दोष नटाला देणे अन्यायाचे होईल. प्रभावळकरांनी आबांमध्येही एक एकाकीपणा जपला आहे. घर भरलेले असताना किंचित बाजूला बसलेल्या, आपला काळ सरल्याचे ओळखून असलेल्या म्हाताऱ्याचा तो एकाकीपणा आहे. कृष्णराव हेरंबकरांचे नाते येथे लागते. संहिता दिलासा देते तेथेही नटाची नजर काहीसे वेगळे सांगत राहते, आणि ही नजर नसती तर मालिका गोडव्यात विरघळली असती.

६

सप्टेंबर २०२५मध्ये प्रदर्शित झालेल्या सुबोध खानोलकर दिग्दर्शित ‘दशावतार’ या चित्रपटात, वयाच्या एक्याऐंशीव्या वर्षी, प्रभावळकरांनी कोकणातील वृद्ध दशावतारी कलावंत बाबुली मेस्त्री उभा केला. सोंग घेणाऱ्याचे सोंग घेण्याची ही भूमिका त्यांच्या वाटचालीशी सुसंगतच आहे. पण तिच्या गौरवात लहान पडद्यावरील कामाचा उल्लेख केवळ पूर्वतयारी म्हणून केला जाणार असेल, तर आरंभी नोंदवलेली प्रतवारी कायमच राहील.

वस्तुतः मराठी विनोदी गद्याच्या एका श्रेष्ठ निवेदकाला देह देण्याचे अवघड काम दूरचित्रवाणीवरच झाले, आणि त्याचे जे मोजके भाग आज पाहावयास मिळतात ते साहित्याच्या अभ्यासकासाठीही दस्तऐवज आहेत. चि. विं.च्या कथांचे वाचन आता त्या आवाजावाचून होणे कठीण आहे. तो आवाज विसरण्याचा प्रयत्न अभ्यासकाने करू नये. तो ऐकत मूळ गद्याकडे परत जावे आणि नटाला जे दाखवता आले नाही ते तेथे शोधावे. पडद्यावरचा चिमणराव फजित होतो. पुस्तकातला चिमणराव ती फजिती लिहून ठेवतो. या दोघांमधील अंतर मोजता आले, तरच नटाने किती अंतर कापले हे कळेल.