कुमारांच्या कपाटातली रिकामी जागा

दिवाळी अंकात मृत्यूविषयी लिहू नये, असा एक अलिखित संकेत आपल्याकडे आहे. फराळाच्या ताटाशेजारी पडणाऱ्या अंकात कथा असावी, विनोद असावा, वार्षिक भविष्य तर असलेच पाहिजे. सुतकाची भाषा तेवढी नसावी. हा संकेत मोडल्याबद्दल मी वाचकांची क्षमा मागत नाही. ज्यांच्या वाचनाविषयी मला लिहायचे आहे ती १४-१५ वर्षांची मुले-मुली दिवाळीच्या पहाटे डोंबिवलीच्या फडके रस्त्यावर नव्या कपड्यांत हसत-खिदळत उभी असतात, हे खरे. पण शोक, अपमान आणि अन्याय यांची ओळख त्यांना नसते, ही केवळ आपली, म्हणजे वडीलधाऱ्यांची, सोयीची समजूत आहे.

अमेरिकेत या वयाच्या वाचकांसाठी कादंबरीची एक स्वतंत्र शाखाच आहे. त्यातली अँजी टॉमस या लेखिकेची ‘द हेट यू गिव्ह’ ही कादंबरी २०१७ साली प्रसिद्ध झाली आणि पुढच्याच वर्षी तिच्यावर चित्रपटही निघाला. नायिका स्टार ही १६ वर्षांची कृष्णवर्णीय मुलगी. तिचा बालमित्र खलील रात्री तिला मोटारीने घरी सोडत असताना पोलीस गाडी अडवतो, त्याला खाली उतरवतो, आणि गाडीतला केसांचा ब्रश पिस्तूल समजून त्याच्यावर गोळ्या झाडतो. साक्षीदार एकटी स्टार. पुढची सारी कादंबरी ही एका मुलीने साक्ष द्यावी की देऊ नये, याची कहाणी आहे. २००९ च्या पहिल्याच दिवशी ऑकलंडच्या एका रेल्वे स्थानकावर ऑस्कर ग्रँट नावाचा तरुण पोलिसाच्या गोळीने मेला. त्या घटनेने लेखिका हलली आणि कॉलेजात असताना तिने जी कथा लिहिली, तिचीच पुढे ही कादंबरी झाली.

या पुस्तकात मला सर्वांत मोलाचे वाटले ते गोळीबाराचे चित्रण नव्हे. स्टार राहते गरीब कृष्णवर्णीयांच्या वस्तीत आणि शिकते गोऱ्या, सधन मुलांच्या शाळेत. वस्तीत तिची बोली एक, शाळेत दुसरी. मित्र डोळ्यांदेखत मेला, तरी शाळेत ती तसे सांगत नाही. बातम्यांनी खलीलला गुंड ठरवून टाकलेले असते आणि गुंडासाठी रडणारी मुलगी कोण, हा प्रश्न तिला नको असतो. घरी ती आक्रोश करते आणि वर्गात गप्प बसते. मरणाचे दुःख तर असतेच. ते चोरून करावे लागते, हे दुसरे दुःख. लेखिकेने हे दुसरे दुःख नेमके पकडले आहे, आणि माझ्या मते पुस्तकाची खरी ताकद तिथेच आहे. शेवटाकडे मात्र भाषणे वाढतात आणि प्रत्येक पात्र आपापला धडा शिकून बाजूला होते. तो दोष मान्य करूनही पुस्तक हातून सुटत नाही.

“हे सारे तिकडचे,” असे कोणी म्हणेल. ठाण्याहून मुंबईकडे जाणाऱ्या पूर्व द्रुतगती महामार्गावर घाटकोपरला रमाबाई आंबेडकर नगर लागते. ११ जुलै १९९७ रोजी सकाळी तिथल्या डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झालेली आढळली. लोक रस्त्यावर आले आणि राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला. १० माणसे मेली. चार दिवसांनी मुलुंडचे शाहीर विलास घोगरे यांनी त्या दुःखात आपले आयुष्य संपवले. गोळीबाराचा हुकूम देणाऱ्या अधिकाऱ्याला सत्र न्यायालयाने जन्मठेप सुनावली ती २००९ साली, म्हणजे १२ वर्षांनी. त्या सकाळी वस्तीतली किती मुले दप्तर भरून शाळेला निघाली असतील! त्यातल्या एखादीने दुसऱ्या दिवशी वर्गात काय सांगितले असेल, किंवा काय सांगितले नसेल? आनंद पटवर्धन यांनी ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) या माहितीपटात मोठ्यांना बोलते केले. त्या वर्गातल्या मुलीची कादंबरी मात्र आपल्या कुमारांच्या कपाटात शोधूनही माझ्या हाती लागलेली नाही.

कपाट रिकामे आहे असे नाही. शोक तर तिथे आहेच. साने गुरुजींनी ‘श्यामची आई’ १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात लिहिली. आईच्या अंतकाळी श्याम जवळ नसतो, ही चुटपुट मराठी मुलांच्या चार पिढ्यांनी आपली म्हणून सोसली आहे. त्याच पुस्तकात मोळी खाली पडलेली एक वृद्ध महार स्त्री आहे आणि आईच्या सांगण्यावरून श्याम ती मोळी तिच्या डोक्यावर चढवून देतो. त्या काळी हे लिहिणे धाडसाचे होते, आणि १९४७ मध्ये पंढरपूरचे मंदिर सर्वांना खुले व्हावे म्हणून प्राण पणाला लावणाऱ्या गुरुजींची तळमळ कोणाला सिद्ध करायला नको. पण ती म्हातारी मोळी घेऊन जाते आणि पुस्तकातूनही जाते. तिच्या घरी नातवंडे होती का, आणि त्यांना आजीने त्या दिवशीची गोष्ट कशी सांगितली, हे कळत नाही. दया कोणी केली ते आपल्याला दिसते. ती घेणाऱ्याच्या मनात काय चालले होते ते दिसत नाही. ना. धों. ताम्हनकरांचा गोट्या पोरका, पण त्याला माया लावणारे घर मिळते. भा. रा. भागवतांचा फास्टर फेणे चोरांना पकडून देतो, पोलीस त्याची पाठ थोपटतात. ही पुस्तके मला आजही प्रिय आहेत. मात्र ज्या मुलाच्या दाराशी पोलीस पाठ थोपटायला येत नाही, ते मूल या पुस्तकांत स्वतःला कुठे शोधणार?

ते सापडते मोठ्यांच्या कपाटात. अण्णाभाऊ साठे यांच्या ‘फकिरा’त (१९५९) गावाच्या हजेरीला बांधलेले मांग आहेत. लक्ष्मण गायकवाड यांच्या ‘उचल्या’त (१९८७) पोलिसांची धाड आणि घरातल्यांना होणारी मारहाण हे एका मुलाचे रोजचे बालपण आहे. १८७१ च्या इंग्रजी कायद्याने काही जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरवले. तो कायदा १९५२ साली रद्द झाला, तरी शिक्का पुसला गेला नाही, हे ‘उचल्या’ वाचताना कळते. परंतु आत्मकथन आणि कुमारांची कादंबरी यांत एक भेद आहे, तो नीट पाहिला पाहिजे. आत्मकथन लिहिणारा त्या आगीतून बाहेर आलेला असतो; तो मागे वळून पाहतो, आणि तो वाचला हे वाचकाला पहिल्या पानापासून ठाऊक असते. कुमार-कादंबरीतली मुलगी त्या आगीतच उभी असते. उद्या काय होणार हे तिला माहीत नसते, वाचकालाही नसते. म्हणून १५ वर्षांचा वाचक तिच्याबरोबर निर्णय घेऊ लागतो.

याचा अर्थ अमेरिकन कादंबरीवर मराठी आडनावे चिकटवावीत, असा मुळीच नव्हे. रंग दिसतो, जात विचारावी लागते. स्टारला आपला वर्ण लपवता येत नाही, आपल्याकडच्या मुलीला जात लपवता येते, आणि म्हणून तिच्या भीतीची जातकुळीच वेगळी. डॉ. आंबेडकरांनी इंग्रजीत लिहिलेल्या आठवणींत १९०१ च्या सुमाराची एक हकीगत आहे. नऊ वर्षांचे भीमराव, त्यांचे बंधू आणि भाचे वडिलांना भेटायला निघाले. नवे सदरे, झगमगीत टोप्या, नवे जोडे; साराच दिवाळीचा थाट. मसूर स्टेशनवर न्यायला कोणी आले नाही. स्टेशनमास्तर आपुलकीने चौकशीला आला, कारण पोशाखावरून मुले ‘चांगल्या घरची’ दिसत होती. मुलाने निरागसपणे जात सांगितली आणि मास्तरचा चेहरा पालटला. मग गाडी मिळेना. मिळाली ती दुप्पट भाड्याने, आणि हाकायची मुलांनीच. वाटेत पाणीही मिळाले नाही. अख्खा प्रसंग एका प्रश्नावर फिरतो. बाबुराव बागुलांच्या १९६३ च्या गाजलेल्या संग्रहाचे नाव ‘जेव्हा मी जात चोरली होती’ असावे, हा योगायोग नाही.

हा प्रश्न आजही विचारला जातो, फक्त सभ्य आवाजात. “पूर्ण नाव काय?” “राहायला नक्की कुठे?” कल्याण-ठाणे लोकलमध्ये, शिकवणीच्या वर्गात, डबा उघडताना. उल्हासनगरहून ठाण्याच्या शाळेत जाणाऱ्या एखाद्या मुलीच्या घरात असा मृत्यू घडला, आणि सुतक सांगितले तर वस्ती कळते, वस्ती कळली तर बाकीचे सारे कळते, म्हणून ती काहीच न बोलता बीजगणित सोडवत बसली, तर आपली कादंबरी तिथे सुरू होते. आईसाठी रडायला आपण मुलांना शिकवले. शेजारी ज्याला ‘त्याच लायकीचा’ म्हणतात, अशा माणसासाठी उघड रडता येते, हे शिकवणारे पुस्तक आपल्याला हवे आहे.

“अशाने मुले पोलिसांचा द्वेष करू लागतील,” ही शंका मी पालकांकडून ऐकली आहे. तिचे उत्तर त्या अमेरिकन लेखिकेनेच देऊन ठेवले आहे. स्टारचा मामा कार्लोस स्वतः पोलीस आहे, आणि तिच्या बालपणी वडील तुरुंगात असताना त्यानेच तिला सांभाळले. ती त्याचा द्वेष करू शकत नाही आणि गोळी विसरूही शकत नाही. दोन्ही एकाच मनात ठेवण्याची कुवत १५ वर्षांच्या मुलांत असते. नसते ती बहुधा आपल्यात. आणि मुलांना यातले काही कळू नये, म्हणाल, तर त्यांच्या हातातल्या फोनवर लाठीमाराची चित्रफीत पुस्तकाआधी पोचते. तिच्यात लाठी खाणाऱ्याचे घर नसते, आई नसते, उद्याचा दिवस नसतो. ते सारे कादंबरीत असते.

कल्याणचे सार्वजनिक वाचनालय १८६४ सालचे, ठाण्याचे मराठी ग्रंथ संग्रहालय १८९३ चे. वाचनाची एवढी जुनी परंपरा असलेल्या या पट्ट्यातून हे पुस्तक लिहिणारी लेखणी निघावी, अशी माझी इच्छा आहे. आणि ती बाहेरून दया करणाऱ्याची नसावी. तोवर पालकांनी मोठ्यांचे कपाट उघडावे. मसूर स्टेशनच्या त्या हकिगतीचे मराठी अनुवाद मिळतात. सुट्टीचे चार दिवस आहेत आणि ती अर्ध्या तासात वाचून होते. मुलांच्या हाती नुसती देऊ नका, शेजारी बसून वाचा. कारण वाचून झाल्यावर ती तुम्हाला काहीतरी विचारतील.